प्रत्येक पानावर आक्काची सही

आमच्या घरात आईच्या सहीचा दरारा होता. आई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होती. तिची सही म्हणजे संपूर्ण नाव, सुटं सुटं, पाटीवर पोरांना घालून द्यावं तसं, आणि शेवटच्या अक्षराचं वळण खाली ओढून त्याच दमात नावाखाली मारलेली रेघ. माझ्या प्रगतिपुस्तकावर सही करण्याआधी ती ते पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचायची. मागच्या पानावरच्या छापील सूचनासुद्धा. मी शेजारी उभी राहून पाय बदलत राहायची. गॅसची पावती असो, सोसायटीच्या मिटिंगचा कागद असो, वाचल्याशिवाय पेनाचं टोपण निघायचं नाही. कुरिअरवाले पोरगे तर आमच्या दारात यायला वैतागायचे.

हे मुद्दाम आधी सांगते आहे. पुढं जे घडलं ते सगळं याच्याशी बांधलेलं आहे, आणि ते आठवलं की मला आजही पहिल्या दिवसासारखाच धक्का बसतो.

माझा मामा आईपेक्षा पुष्कळ लहान. आजी लवकर गेली, तेव्हा आईनं त्याला माढ्याकडच्या आमच्या गावातून उचलून सोलापूरला आणलं, आपल्याच शाळेत घातलं आणि आपल्याच हातानं त्याची अक्षरं गिरवून घेतली. तो तिला आक्का म्हणतो. ‘आक्का म्हणली म्हंजे झालं’ हे त्याचं लाडकं वाक्य. आईनं एकदा चुकून चहात साखरेऐवजी मीठ टाकलं होतं, तर या गृहस्थानं तो चहा संपवला आणि कपसुद्धा विसळून ठेवला. मी त्याला त्यावरून अजून चिडवते. म्हणजे, चिडवत होते.

मामाचा शाळेचे युनिफॉर्म शिवायचा कारखाना होता. सोलापुरात हा धंदा गल्लोगल्ली आहे, पण मामाची शिलाई नावाजलेली होती. खिसा फाटेल पण टीप उसवणार नाही, असं शाळावाले म्हणायचे. धंदा वाढवायला त्यानं इथल्या एका सहकारी बँकेचं कर्ज काढायचं ठरवलं. बँकेला तारण हवं होतं. जुळे सोलापुरातलं आमचं घर आईच्या नावावर, बाबा गेल्यानंतर तेवढंच तिचं. ते तारण द्यायचं आईनंच काढलं. मामा नको नको म्हणत होता. मी समोर बसून होते, मला त्याचा चेहरा आठवतो.

“आक्का, धंद्याचं वरखाली झालं तर? तुला कुटं ठिवू मी?”

“वरखाली व्हत न्हाय. आन् झालं तर मी बघीन. घर माझं हाय की तुझं?”

“तुझंच.”

“मग गप बस.”

बँकेत आईनं कर्जाचे सगळे मराठी कागद वाचून काढले. अधिकाऱ्याचा जेवणाचा डबा गार झाला. दोन शब्दांचे अर्थ तिनं विचारले, एका ठिकाणी पिन कोड चुकला होता तो दुरुस्त करायला लावला, आणि मग पानोपानी ती सुरेख सही ठोकली. मामा बाजूला उभा राहून कौतुकानं बघत होता.

मग शाळा बंद पडल्या. त्या काळात जगाचं काय काय गेलं ते मी सांगायला नको. मामाच्या कारखान्यात मात्र निळ्या पँटी आणि पांढरे शर्ट छतापर्यंत थप्प्या लावून पडले होते आणि ते घालणारी पोरं घरात मोबाइलसमोर बनियनवर बसली होती. शाळा उघडल्या तोवर ती पोरं उंच झाली होती, काही शाळांनी रंग बदलले होते, काहींनी शिवणारा बदलला होता. हप्ते थकले. मामानं धडपड केली, बँकेकडं मुदत मागितली, स्वतःची वेगळी याचिकाही केली. आणि एक दिवस आमच्या दारावर नोटीस चिकटली. आईच्या पूर्ण नावाखाली लिहिलं होतं की ही मिळकत बँकेच्या ताब्यात आहे आणि तिचा लिलाव होणार आहे. शाळेतनं निवृत्त झालेल्या बाईचं नाव, तिच्याच दारावर, खळ लावून! शेजारच्या काकू वाचून गेल्या आणि दारातल्या तुळशीला पाणी घालायचं विसरले म्हणून परत आल्या. तुळस आमची होती.

आम्ही गाठलेला वकील तरुण होता, चलाख होता, आणि खरं सांगायचं तर माणूस म्हणून वाईट नव्हता. लिलाव तोंडावर आलेला, उच्च न्यायालयात तातडीनं याचिका करायची होती. मी त्या दिवसांत मुलीच्या प्रवेशासाठी पुण्यात अडकले होते. आई एकटीच त्याच्या ऑफिसात गेली. याचिका इंग्रजीत. आईनं चष्मा लावला, पहिलं पान उलटलं आणि तिथंच थांबली. त्यानं तिला मराठीत समजावून सांगितलं. घर एवढं एकच आहे, बँकेनं नियम पाळले नाहीत, लिलाव थांबवावा.

“आणि हे भावाचं नाव कशाला इथं?” आईनं विचारलं होतं.

“नावापुरता प्रतिवादी आहे काकू. कर्ज त्याचं, त्याला घेतल्याशिवाय याचिकाच उभी राहत नाही.”

आईनं सह्या केल्या. पानोपानी. मला फोनवर सगळं सांगितलं आणि वर म्हणाली, “चांगला आहे गं पोरगा, सगळं नीट समजावून सांगितलं.” तिच्या आवाजात एवढा सुटकेचा भाव होता की मलाही हायसं वाटलं. लिलावाला स्थगिती मिळाली तेव्हा आम्ही गल्लीत पेढे वाटले. शेजारच्या काकूंना दोन दिले.

त्या दिवाळीत भाऊबीजेला मामा आला नाही.

आईनं पाट मांडला होता. भोवती रांगोळी, तबकात सुपारी, निरांजन. सकाळ गेली, दुपार गेली. माझा जन्म झाल्यापासून असं कधी घडलं नव्हतं. एकदा तो तापानं फणफणलेला असताना रिक्षात आडवा पडून आला होता. आईचा फोन तो उचलत नव्हता. दिवेलागणीला मामीचा फोन मला आला. नमस्कार नाही, चमत्कार नाही. “तुमच्या आईनं काय लिहून दिलंय ते वाचा एकदा,” म्हणाली आणि ठेवून दिला.

मी वकिलाकडून प्रत मागवली. मी कॉलेजच्या कार्यालयात नोकरीला आहे, सरकारी इंग्रजी रोज वाचते, मला ते अवघड नाही. सातव्या परिच्छेदापर्यंत सगळं ठीक होतं. सातव्यात लिहिलं होतं की प्रतिवादी क्रमांक तीन हा याचिकाकर्तीचा सख्खा भाऊ असून, त्यानं तिच्या वैधव्याचा आणि विश्वासाचा गैरफायदा घेऊन, वाईट हेतूनं, खोटं सांगून, तिला न समजू देता तिच्या सह्या घेतल्या आणि तिची फसवणूक केली. मी ते पुन्हा वाचलं. मला आधी वाटलं, दुसऱ्याच कुणाची याचिका आमच्या फाइलीत शिरली आहे. मग पानाच्या तळाशी बघितलं. सुटं सुटं नाव, खाली ओढलेलं वळण, रेघ.

आणि शेवटच्या पानावर, वरील मजकूर मला मराठीतून समजावून सांगितला असून तो खरा आहे. त्याखालीही तीच सही.

आईला मी ते मराठीत वाचून दाखवलं. ती भाजी निवडत होती. तिनं हातातली मेथीची जुडी खाली ठेवली नाही, तशीच धरून बसली. “हे मी म्हणाले?” एवढंच विचारलं. मग परत, “मी? त्याला?” मला तेव्हा रडू आलं नाही, संताप आला. तशीच स्कूटर काढून मी वकिलाकडं गेले आणि त्याच्या टेबलावर ते पान आपटलं.

तो जरासुद्धा दचकला नाही. “ताई, ही आमची भाषा असते. घर देणाऱ्याची फसवणूक झाली असं म्हटल्याशिवाय कोर्ट बघत नाही तुमच्याकडं. सगळ्याच याचिकांत असतं हे.”

“सगळ्यांचे भाऊ चोर असतात का?”

“तसं नाही हो. आता हात लावू नका त्याला. ते वाक्य काढलं की स्थगिती गेली, घर गेलं. आणि भावाला भेटू नका, फोनही नको. बँक म्हणेल बहीणभावाचं संगनमत आहे. शेवटच्या सुनावणीला काकूंना काय सांगायचं ते सांगू देत की जज्जसाहेबांना.”

आईनं ऐकलं नाही, ती मामाच्या घरी गेलीच. मामीनं जाळीच्या दारातूनच सांगितलं, आमच्या वकिलानंही भेटायचं नाही म्हणून सांगितलंय. आतल्या खोलीत मामाचा खोकला ऐकू येत होता, असं आई म्हणाली. ती पायरीवर जरा वेळ उभी राहिली आणि रिक्षानं परत आली.

तेव्हापासून आईनं एकच ध्यास घेतला. शेवटची सुनावणी. घराबद्दल ती बोलेनाशीच झाली. न्यायाधीशांना काय सांगायचं ते तिनं मनाशी पक्कं केलं होतं, आणि स्वयंपाक करता करता ती ते पुटपुटायची. ‘घर मी माझ्या मर्जीनं दिलं. माझा भाऊ नको म्हणत होता. सातव्या परिच्छेदात आहे ते खोटं आहे.’ मी म्हटलं, “अगं, असं म्हणालीस तर घर जाईल.” ती म्हणाली, “जाऊ दे की.” ज्या घरासाठी ती दारावरच्या नोटिशीकडं बघून रात्रंदिवस झुरली, त्या घराबद्दल ‘जाऊ दे की’!

कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आणि आमची प्रकरणं तिकडं गेली. त्यानंतर काही महिन्यांनी वकिलाचा आनंदानं फुटणारा फोन आला. तडजोड झाली होती. मामानं कारखाना विकला, मशिनी विकल्या, राहिलेलं कापडसुद्धा विकलं आणि बँकेशी एकरकमी मिटवून टाकलं. घर मोकळं! आता दोन्ही याचिका नुसत्या निकाली काढायच्या, तुम्ही यायचीही गरज नाही.

“मी येणार,” आई म्हणाली.

आम्ही पहाटेच्या एसटीनं निघालो. आईनं निवृत्तीच्या समारंभाला नेसली होती ती साडी नेसली होती. सांगोल्याला बस थांबली तेव्हा तिनं चहाही घेतला नाही, तोंडातलं वाक्य सांडेल की काय अशी गप्प बसली होती.

कोर्टात आमचा पुकारा झाला. आमचा वकील उठला, बँकेचा उठला, मामाचा उठला. काही इंग्रजी पुटपुट झाली. न्यायाधीशांनी मान हलवली आणि लिहून घेणाऱ्याला सांगायला सुरुवात केली. वाद मिटला आहे, याचिकांमध्ये आता काहीही उरलेलं नाही, निकाली. माझ्या कानांवर माझा विश्वास बसेना. इतकी वर्षं आमच्या घरात ठाण मांडून बसलेली गोष्ट, दूध उतू जायला लागतो तेवढ्याही वेळात संपली. आई उभी राहिली.

“साहेब, मला एक सांगायचंय.”

वकिलानं तिचा पदर ओढल्यासारखा हात केला. न्यायाधीश चांगले होते, त्यांनी मराठीत विचारलं, “बोला आजी. तुमचं घर सुटलंय. आता काय तक्रार आहे?”

“तक्रार नाही. एक दुरुस्ती आहे. सातव्या परिच्छेदात.”

“आजी, ती याचिकाच आता राहिली नाही. दुरुस्त कशात करायचं?” ते खरोखर समजुतीनं बोलले. “जा घरी, निवांत राहा.” आणि पुढच्या प्रकरणाचा पुकारा झाला. मागची माणसं पुढं आली, आम्हाला सरकून जागा द्यावी लागली.

बाहेरच्या पॅसेजमध्ये आईनं वकिलाला गाठलं. “म्हणजे त्यात लिहिलेलं सगळं खोटं ठरलं का?”

“खोटं नाही, खरं नाही. त्याला आता अर्थच नाही काकू.”

“पण कागद तर आहे ना?”

“कागद राहणारच की रेकॉर्डला. पण वाचतंय कोण?” मग तिची समजूत घालायला तो हसून म्हणाला, “आणि तुम्ही भावाचं काय मनाला लावून घेताय? त्यांनी तर उत्तरात सगळं मान्य केलं होतं! सातवा परिच्छेद खरा आहे, मी बहिणीला फसवलं, असं प्रतिज्ञापत्र दिलं त्यांनी. त्याच्यावर तर आपली स्थगिती टिकली.”

आईचं तोंड उघडंच राहिलं. वकिलाला वाटलं आम्हाला आनंद झाला आहे. त्यानं फाइल माझ्या हातात दिली, तब्येत सांभाळा म्हणाला आणि दुसऱ्या अशिलाकडं गेला.

मामा जिन्याशी उभा होता. वाळला होता, दाढी पांढरी झाली होती. आमच्याकडं यावं की येऊ नये हे त्याला कळत नव्हतं, हातातली पिशवी या हातातून त्या हातात करत होता. आई सरळ त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

“भावड्या, तू मला फसवलंस?”

तो खाली बघत राहिला.

“मी इचारते. कवा फसवलंस? घर कुणी दिलं? तू नगं म्हणत व्हतास का न्हाय?”

“म्हणत व्हतो.”

“मग व्हय म्हणून का लिवून दिलंस?”

“तू म्हणलीस म्हणून.”

“मी न्हाय म्हणलं! मला येतंय व्हय तसलं इंग्रजी? वकिलानं लिवलं त्ये. मी वाचलंच न्हाय!”

मामानं तेव्हा पहिल्यांदा वर बघितलं. तो चेहरा मी जन्मात विसरणार नाही. त्यात राग नव्हता, तो नुसता थक्क झाला होता.

“वाचलं न्हाईस?” तो म्हणाला. “आक्का, माझा वकील म्हणत व्हता, हे खोटं हाय म्हणून लिवून द्या, न्हाईतर आब्रू जाईल. म्या म्हणलं, सही बघा. पानापानावर हाय. आक्का न वाचता सही करत न्हाय, मी ल्हानपणापासनं बघतोय. तिनं वाचून सही केली म्हंजे तिला तसं वाटलं आसंल.” त्यानं पिशवी पुन्हा दुसऱ्या हातात घेतली. “मग मला वाटलं, मीच कुटंतरी फसवलं आसंल तुला. माझ्याच ध्यानात आलं नसंल.”

जिन्यावरून माणसं वरखाली करत होती. आईनं दोन्ही हातांनी त्याचं मनगट धरलं आणि सोडेना, कोर्टाचा शिपाई येऊन वाट मोकळी करा म्हणेपर्यंत.

परतीच्या बसमध्ये तिघं एकाच बाकावर बसलो. सांगोल्याला मामानं चहा आणला, आईनं तो घेतला. मंगळवेढा मागं पडलं. मग आई म्हणाली, “भाऊबीजेला यायचं,” आणि मामा म्हणाला, “आक्का म्हणली म्हंजे झालं.” सवयीनं म्हणाला. पण म्हटल्याबरोबर त्याच्याही लक्षात आलं आणि माझ्याही, आणि आईनं खिडकीकडं तोंड फिरवलं.

मामा भाऊबीजेला आला. तो आता दुसऱ्याच्या कारखान्यात कापड बेततो. आईनं ओवाळलं, जेवण झालं, सगळं रीतसर झालं. घर शाबूत आहे. ओळखीचे लोक म्हणतात, सुटलात बाई तुम्ही. मी मान डोलावते.

दिवाळीनंतर निवृत्तीवेतनवाल्यांनी हयात असल्याची सही द्यायला बँकेत जायचं असतं. दरवर्षी आईला घेऊन मी जाते. काउंटरवरच्या मुलीनं यादीत आईचं नाव काढून दिलं, पेन पुढं केलं. आईनं पेन बाजूला सारलं आणि शाईचा पॅड ओढून घेतला.

“काकू, सही करा ना. तुमची सही आहे की आमच्याकडं. अंगठा कशाला?”

“मला सही येत नाही,” आई म्हणाली.

मुलगी माझ्याकडं बघायला लागली. मागं रांगेत आईच्याच शाळेतले निवृत्त मुख्याध्यापक उभे होते, तेही बघायला लागले. मी आईच्या कानाशी म्हटलं, “आई, असं काय करतेस?” तिनं अंगठा पॅडवर दाबला, नावासमोर टेकवला, जरा वेळ तसाच धरून ठेवला. मग पदराच्या टोकाला शाई पुसली.

अंगठ्याला साक्षीदार लागतो. त्या मुलीनं पेन माझ्यापुढं सरकवलं. मी ती ओळ पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली, आणि सही केली.